गार पाण्याचा वास

मित्रांनो, मी पिण्याचं पाणी गार करणारा स्टीलचा एक जुना कूलर आहे. रबाळ्याच्या एमआयडीसीत मसाले पॅक करणारा एक लहान कारखाना आहे. तिथे जिन्याखाली मी बारा वर्षं उभा आहे. मिरचीच्या धुराळ्याने घसा जळतो, त्यामुळे इथल्या बायकांना पाणी फार लागतं.

सुरुवातीची वर्षं चांगली गेली. सफाईवाल्या भिमाबाई दर शनिवारी माझं झाकण काढून, आत कोपरापर्यंत हात घालून घासायच्या. "लेकीबाळी पित्यात यातलं," म्हणायच्या. पुढे त्यांचं वय झालं, त्या गावी गेल्या. नंतर आलेली ठेकेदाराची माणसं मला बाहेरून पुसत. मी चकचकीत दिसे. आत कुणी पाहिलं नाही.

गेल्या मे महिन्यात एकदा वीज गेली आणि माझ्यातलं पाणी कोमट झालं. इथे पॅकिंग करणाऱ्या, गोठिवली गावच्या उन्नतीने ग्लास तोंडाशी नेला आणि तसाच खाली घेतला.

"निशांत साहेब, पान्याला घान वास येतोय. रोज गार असतं म्हनून कललं नाय."

मॅनेजर निशांत घाईत होते. "फिल्टरवाल्याला फोन केलाय. टेन्शन नका घेऊ."

वीज आली. तासाभरात मी पाणी गार केलं. वास जाणवेनासा झाला. सगळ्या प्यायल्या. चारुलताला सातवा महिना होता, तिला तहान फार. ती दोन ग्लास प्यायली.

जूनमध्ये पाच जणींना कावीळ झाली. चौघी बऱ्या होऊन कामावर आल्या. चारुलता दवाखान्यातच गेली. बाळही गेलं.

त्या चौघींतली उन्नती परतली त्या दिवशी निशांत माझ्याजवळ येऊन उभे राहिले. "मी फोन केलाच नव्हता," ते तिला म्हणाले. उन्नती बाटली भरायला आली होती, ती रिकामीच घेऊन गेली.

मला वाईट वाटलं का, ते सांगता येत नाही. मोटर नेहमीसारखी सुरू झाली, नेहमीसारखी थांबली.

आता निशांत समोर उभं राहून टाकी धुऊन घेतात. फिल्टर वेळेवर बदलला जातो, पाणी तपासायला जातं. तरी बायका घरून बाटल्या आणतात. सकाळी भरलेली टाकी संध्याकाळी तशीच असते.

मित्रांनो, तुमच्या शाळेत किंवा आईबाबांच्या कामावर माझ्यासारखा कुणी असेल, तर तो आतून कधी धुतला ते विचारा. उत्तर मिळालं तरी झाकण उघडून बघा. पाणी कसं आहे, ते मला कळत नाही. मला फक्त ते गार करता येतं.