हलका हात

संतरामांनी स्पिरिटचा कापूस पद्माबाईंच्या बेंबीपासून चार बोटं बाजूला फिरवला, डाव्या हाताने कातडीची चिमट धरली आणि उजव्या हाताने इंजेक्शनच्या पेनाची सुई आत घालून, बटण दाबून, बाहेरही काढली.

"झालं."

"कळलंबी न्हाई," पद्माबाई म्हणाल्या. पदराच्या टोकाने त्यांनी पोट पुसलं आणि खाटेचा आधार घेत हळूहळू कुशीवर वळल्या.

रोज हे शब्द ऐकले की संतरामांच्या चेहऱ्यावर काहीतरी हलायचं. आज ते मान वर न करता सुई पेनापासून वेगळी करत राहिले. दारात सून ऐश्वर्या थंड डबा घेऊन उभी होती. तिने पेन घेतलं, डब्यात ठेवलं आणि फ्रीजकडे गेली. कालपासून ती कामापुरतंच बोलत होती.

काल तिघं नांदेडला हाडांच्या डॉक्टरांकडे जाऊन आले होते. गेल्या हंगामात शिजवलेल्या हळदीचं टोपलं उचलताना पद्माबाईंच्या पाठीत कट्‌कन आवाज झाला आणि त्या तिथेच बसल्या, तेव्हापासून त्यांचा इलाज तिथे सुरू होता. हाडं आतून पोकळ होत चालली आहेत, रोज एक इंजेक्शन, दोन वर्षं, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. रोज इंजेक्शन देणार कोण, असं त्यांनी विचारलं तेव्हा संतराम खुर्चीत सरळ बसून म्हणाले होते, "मी."

त्याला तीन महिने झाले. काल डॉक्टरांनी रक्ताचा कागद आणि नवा एक्स-रे शेजारी शेजारी ठेवला.

"औषध अंगात जात असतं तर हा आकडा वर चढला असता. तो जागचा हललेला नाही. आणि हा बघा, वरचा आणखी एक मणका दबलाय. रोज देताय ना?"

"रोज. एक दिस खाडा न्हाई."

"औषध फ्रीजमध्येच असतं? बाहेर राहिलं तर खराब होतं ते."

"फ्रीज सून बघते," संतराम म्हणाले.

बोलताना त्यांच्या मनात तसं काही नव्हतं. निदान त्यांना तसं वाटलं. पण ऐश्वर्याने त्यांच्याकडे एकदा पाहिलं आणि मग ती त्यांचं गाव, कुरुंदा, येईपर्यंत बसच्या खिडकीतून बाहेर बघत राहिली. निघताना डॉक्टर म्हणाले होते, नवं पेन घ्या, पंधरा दिवसांनी पुन्हा बघू, पण तोवर उंबरा ओलांडतानाही जपा. तिसरा मणका बसला तर बाईंना उठून बसणं अवघड होईल.

त्याच संध्याकाळी पुण्याहून मुलाचा, आयुषचा, फोन आला. ऐश्वर्याने नेहमीप्रमाणे सासूलाही ऐकू जावं म्हणून आवाज मोठा ठेवला होता.

"एक काम सांगितलं व्हतं तुला," आयुष म्हणाला. "लाईट गेली की बर्फात ठेवायचं. तेवढंबी झालं न्हाई?"

"ठेवते मी."

"मंग खराब कसं झालं? आईच्या पाठीचा खेळ करून राहिले का तुमी?"

 संतराम तिथेच दाराशी बसले होते. चार शब्द बोलता आले असते. ते पायजम्याला चिकटलेलं कुसळ काढत राहिले.

आणि आज सकाळी पेन डब्यात ठेवून झाल्यावर ती बाहेर गेली ती तासाभराने आली. उपकेंद्रातल्या नर्सबाईंकडून तिने लसीच्या पेटीतला थर्मामीटर मागून आणला होता. तो तिने फ्रीजमध्ये औषधाच्या खणात ठेवला. दुपारी बारा ते दोन लाईट नव्हती. दोन वाजता तिने तो काढला आणि संतरामांसमोर धरला.

"मामा, बघा."

त्यांनी पाहिलं. पाच. औषधाच्या खोक्यावर दोन ते आठ लिहिलेलं होतं.

"मंग?" ते म्हणाले. आवाज नको तेवढा चढला.

"काई न्हाई. तुमाला दाखवलं."

ती आत गेली. थर्मामीटर त्यांच्या हातातच राहिला.

फ्रीज बराबर असेल तर राहिलं काय, हे समजायला फार हुशारी लागत नव्हती. संतरामांनी दोन्ही तळहात मांडीवर उघडे ठेवून पाहिले. अडतीस वर्षं ते गावातल्या दवाखान्यात कंपाउंडर होते. डॉक्टर तपासायचे, सुई संतराम टोचायचे. त्यांचा हात हलका म्हणून लेकरं रडायच्या आत मोकळी व्हायची. बौद्धवाड्यातल्या माणसाला एरवी ज्या ओसरीवर कोणी बस म्हटलं नसतं, तिथून त्यांना बोलावणी यायची. आत या म्हणायचे, माजघरापर्यंत न्यायचे, पाट द्यायचे. 'संतरामची सुई कळत न्हाई' असं गाव म्हणायचं. घालायची आणि काढायची, मधे श्वाससुद्धा नाही. त्या एका गोष्टीवर त्यांनी गावात मान ताठ ठेवली होती.

सहा वर्षांपूर्वी डॉक्टर वारले आणि दवाखाना बंद झाला. मग संतरामांना कोणी बोलावलं नाही. नवीन दवाखान्यांत शिकलेल्या पोरी होत्या.

नांदेडलाही होती एक. पहिल्या दिवशी पेन दाखवताना तिने सांगितलं होतं, "बाबा, हे सिरिंजसारखं नाही. औषध थेंबभरच असतं आणि बटण तळाला टेकलं तरी ते हळूहळू उतरतं. सुई आत ठेवून दहापर्यंत मोजायचं." ते हसले होते. घरी ऐश्वर्यानेही पेनासोबतचा कागद वाचून तेच सांगितलं, तेव्हा मात्र ते हसले नव्हते. "तू जन्मली नव्हतीस तवापासून टोचून राहिलो मी," असं म्हणाले होते. तिने कागदाची घडी घालून ठेवली होती आणि पुन्हा विषय काढला नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते चष्मा लावून खाटेशी आले. सुई टोचायला त्यांनी आजवर चष्मा लावला नव्हता. पद्माबाईंनी ते पाहिलं.

"आज चष्मा काहून?"

"असंच."

कापूस फिरवला. चिमट धरली. दहा मोजायचे, असं त्यांनी ठरवलं नव्हतं. उलट, रोज जसं देतो तसंच द्यायचं आणि बघायचं, असं ठरवलं होतं. सुई आत गेली, बटण दबलं, हात आपोआप मागे आला. पद्माबाईंचा हात पोटाकडे निघाला. संतरामांनी तो मनगटाशी धरला.

"थांब."

खिडकीतून उजेड येत होता. कातडीवर, सुईच्या जागी, पाण्यासारखा स्वच्छ एक थेंब उभा होता. ज्वारीच्या दाण्याएवढा. ते बघत असतानाच तो हलला आणि पोटावरून खाली ओघळला.

मग त्यांनी बायकोच्या हाताकडे पाहिलं. पदराचं टोक तिच्या बोटाभोवती गुंडाळून तयार होतं. सुई बाहेर यायच्या आधीपासून तयार होतं.

त्यांनी मनगट सोडलं. पेन खाटेवर ठेवलं. स्टुलावर बसले.

"कवापासून?"

पद्माबाई छताकडे बघत होत्या. "कवापासून म्हंजी?"

"तुला ओलं लागत व्हतं."

"पयल्या दिसापासून," त्या म्हणाल्या. "कवा जास्ती, कवा कमी."

"आन बोलली न्हाईस."

 स्वयंपाकघरात भाकरी थापण्याचा आवाज चालू होता, तो थांबला.

"तुझी पाठ मोडून राहिली, पद्मा. दुसरा मणका गेला. काहून बोलली न्हाईस?"

"काय बोलू?" त्यांनी साडी सारखी केली. "सहा वर्सं तुमी दहा वाजेस्तोर तोंडावर पांघरूण घिऊन पडून राहत व्हते. भाकर ठेवली तर खायचे, न्हाई तर न्हाई. सुई चालू झाली आन तुमी सकाळी उठून दाढी कराया लागले." थोडं थांबून म्हणाल्या, "म्या म्हनलं, थोडं तर जात आसंल आत."

संतरामांचा हात हनुवटीकडे गेला. आजही दाढी केलेली होती. ते उठले आणि स्वयंपाकघराच्या दाराशी गेले. ऐश्वर्या परातीसमोर पाठमोरी बसली होती, पिठाचे हात तसेच.

"आयुषला फोन लाव."

"ते कामावर असतील, मामा."

"लाव."

तिने हात धुतले, फोन लावून त्यांच्या हातात दिला. आयुष घाईत होता. मागे मशीनचा आवाज येत होता.

"फ्रीज बराबर हाय," संतराम म्हणाले. "तिनं एक दिस चूक केली न्हाई. औषध माझ्याकडून सांडत व्हतं."

"काय? कसं काय सांडलं, बाबा?"

"मी सुई लवकर काढत व्हतो. मला सांगितलं व्हतं, म्या ऐकलं न्हाई." हे बोलायला त्यांना वाटलं होतं तेवढा वेळ लागला नाही. "तू तिला बोलला ते माघारी घे. आता न्हाई, संध्याकाळी. निवांत बोल."

फोन परत देताना त्यांनी ऐश्वर्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं नाही. तिने फोन फडताळावर ठेवला. मग खाटेवरचं उघडं पेन तिच्या लक्षात आलं. ती आत गेली, सुई काढून टोपण लावलं आणि ते डब्यात ठेवून घेऊन गेली.

"आजची गेलीच न्हाई की," आतून पद्माबाई म्हणाल्या. "मंग आता दुसरी देता का?"

"एका दिसात दोन देत न्हाईत," संतराम म्हणाले. "उद्या."

"उद्या कोन देनार?"

 फ्रीजचं दार लागल्याचा आवाज आला.

"मामा देतील," ऐश्वर्या म्हणाली. "मी जवळ थांबते."

दुसऱ्या दिवशी ती हात धुऊन, पुसून खाटेच्या पलीकडच्या बाजूला उभी राहिली. संतरामांनी चिमट धरली, सुई घातली, बटण तळाला टेकवलं.

"हात धर माझा," ते म्हणाले.

तिला कळलं नाही.

"मनगट धर. आपसूक मागं येतो तो."

लग्नाला चार वर्षं झाली होती. पाया पडण्यापलीकडे तिने सासऱ्याला कधी स्पर्श केला नव्हता. तिने एकदा सासूकडे पाहिलं, मग वाकून त्यांचं मनगट दोन्ही हातांनी धरलं आणि मोजायला लागली. तीन. चार. संतरामांच्या खांद्यापासून हात माघारी ओढ घेऊ लागला, अडतीस वर्षांच्या सवयीने. तिची बोटं घट्ट झाली. पाच. इतका वेळ सुई कोणाच्या अंगात ठेवली नव्हती त्यांनी. पद्माबाईंच्या पोटाचा श्वास पेनाला लागून वरखाली होत होता, तो त्यांना तळहातात कळत होता.

"सहा," ऐश्वर्या म्हणाली. "हलू नका, मामा."

ते हलले नाहीत.