मैदान गोठलं त्या शनिवारी

रोना गेल्यापासून एकही शनिवार फुटबॉलच्या सामन्याशिवाय गेला नव्हता. कधी आमच्या मैदानावर, कधी परगावी. लोकांना वाटायचं, हा माणूस फार खंबीर. बायकोला माती देऊन आला आणि शनिवारी बूट चढवून उतरला. खंबीरपणाचा काही संबंध नव्हता. सदतिसाव्या वर्षी मधल्या फळीत पूर्ण सामना पळालं की अंग असं ठणकतं की झोप येतेच. रविवार गुडघ्यावर बर्फ धरण्यात जातो. सोमवारपासून लाकडाच्या वखारीतलं काम, आणि आठवड्यातून दोन संध्याकाळी सराव. नोव्हेंबरपासून मी एवढ्यावरच चाललो होतो. त्यातून शनिवार काढला असता तर बाकीचं काही उभं राहिलं नसतं.

आणि जानेवारीतल्या त्या शुक्रवारी थंडी पडली. नुसती थंडी आमच्या आर्डलॉखी गावात नेहमीचीच. ही जमीन धरणारी थंडी होती. वखारीत लाकडाच्या फळ्या एकमेकींना चिकटून बसल्या होत्या, हातोडीने सोडवाव्या लागल्या. मी दिवसभर फळ्या सोडवत होतो आणि मैदानाचा विचार करत होतो.

आमचा क्लब आर्डलॉखी रोव्हर्स स्कॉटलंडच्या सगळ्यात खालच्या विभागात खेळतो. त्याच्या खाली घसरलं की मग क्लब लीगमध्येच राहत नाही. सोळाव्या वर्षी मला ग्लासगोच्या एका मोठ्या क्लबने नेलं होतं. एकोणिसाव्या वर्षी त्यांनी हात मिळवून परत पाठवलं. निरोप देणारा माणूस सभ्य होता, म्हणाला, "इनिस, तुझ्यात खोट काही नाही. पण वेगळं असंही काही नाही." तेव्हापासून मी तीन क्लबांकडून खेळलो, सगळे तळातले. माझं काम दुसऱ्याचा खेळ मोडायचा आणि चेंडू जवळच्या माणसाला द्यायचा. एकदा चषकाच्या सामन्यात मोठ्या संघाशी गाठ पडली आणि सामना टीव्हीवर दाखवला. त्यात मी दिसलो तेव्हा बुटाची नाडी बांधत होतो. रोनाने ते शेजाऱ्यांना कितीदा तरी सांगितलं, "आमचा इनिस नाडी फार छान बांधतो."

तिला फुटबॉलमधलं फारसं कळत नसे. आमच्याकडे उत्तरेच्या गोलमागे चढावर गाड्या लावून आतूनच सामना बघतात, गोल झाला की हॉर्न वाजवतात. रोना तिथे गाडीत बसून शब्दकोडं सोडवायची. एकदा समोरच्या संघाने गोल केला आणि हिने हॉर्न दाबला. सगळं मैदान वळून बघायला लागलं. मी विचारलं तर म्हणाली, "मला वाटलं तूच केलास. लांबून सगळे सारखेच टकले दिसता." वसंतात पोटाचं दुखणं निघालं आणि नोव्हेंबरात ती गेली. त्या चढावर तिच्या गाडीची जागा अजून कोणी घेत नाही.

शनिवारी सकाळी मी जेवणाचा डबा, फावडं आणि बागेत माती उकरायचा काटा घेऊन मैदानावर गेलो. बरेच जण आले होते. असा दिवस असला की गावात कोणाला बोलवावं लागत नाही. मैदानाची निगा राखणारा म्हातारा मधोमध उभा होता, हात खिशात; त्याचं नावच 'एक'. आमचा मॅनेजर वॉकर गेडिस त्याच्याभोवती फिरत होता. थंडीपासून वाचवायची जाड कापडं अर्ध्या मैदानावरून गुंडाळून झाली होती.

"कापडं कधी घातलीस?" गेडिस विचारत होता.

"काल घातली."

"काल कधी?"

"रात्री."

"अरे एक, रात्री कधी?"

"डार्ट्सचे सामने संपल्यावर," म्हातारा म्हणाला.

गेडिसने डोळे मिटले. "म्हणजे जमीन आधी गोठली, आणि मग तू तिला पांघरूण घातलंस. थंडी बाहेर जाऊ नये म्हणून."

"उपांत्य फेरी होती."

"अरे बाबा, फ्रिज बंद करून आलास तू! उत्तम बंद केलास!"

"पुढच्या वेळी थंडीला निरोप धाडतो," म्हातारा म्हणाला. "आमचे डार्ट्स होऊ देत, मग ये."

तरी माणसं कामाला लागली. ऊन आलं तसं मैदान सुटत गेलं. काटा टोचला की आत जायला लागला. मधला भाग, उत्तरेचा गोल, समोरची सगळी बाजू खेळण्यासारखी झाली. अडला तो एकच कोपरा, जुन्या पत्र्याच्या स्टँडच्या सावलीतला. तिथे हिवाळाभर ऊन पोचत नाही. आम्ही वाळू टाकली, शेगड्या लावल्या, काटे मारले. काटा लागला की टण्ण वाजायचा. मी तिथून हललो नाही. गेडिस माझ्याजवळ येऊन उकिडवा बसला.

"इनिस, तू आज आराम केलास तरी चालेल मला."

"सामना झाला तर मी खेळणार."

"मी एवढंच म्हणतोय की..."

"बॉस, तुम्ही दर आठवड्याला एवढंच म्हणता."

तो उठून गेला. माणूस वाईट नाही. दर शुक्रवारी मला फोन करायचा, काय बोलावं ते सुचायचं नाही, मग हवामान सांगायचा.

चहाच्या खिडकीत नेटीबाईंनी भट्टी पेटवली होती. खिमा भरलेल्या पाई भाजायला आधीच आत गेल्या होत्या, वास सुटला होता. त्या ओरडल्या, "इनिस, राजा, एक खाऊन घे. कुदळीच्या दांड्यासारखा झालायस."

"सामन्याआधी नको, नेटी."

"सामना होतोय की नाही ते देवाला ठाऊक. पाई तर झाली."

रेफरी मॉन्क्रिफ आला तो हातात चेंडू घेऊनच. उंच, कोरडा माणूस, शाळेत भूगोल शिकवतो. आमच्याकडची पद्धत अशी की रेफरी मैदान फिरून बघतो, चेंडू टाकून बघतो, टाच रोवून बघतो, आणि शंका असेल तर दोन्ही कॅप्टनना विचारतो. समोरचा संघ दक्षिणेच्या टोकाहून बसने निघाला होता, तो अजून वाटेत होता. म्हणून विचारायला आमचा कॅप्टन, मी एकटाच.

त्याने सगळं मैदान पाहिलं आणि मान डोलावली. मग तो कोपऱ्यात आला. चेंडू टाकला. चेंडू रस्त्यावर उडावा तसा उडाला. त्याने खिशातून किल्ली काढून जमिनीत खुपसायला बघितलं. किल्ली वाकली.

"माझ्या गॅरेजची होती," तो म्हणाला.

गेडिस म्हणाला, "रेफरीसाहेब, दुपारपर्यंत ऊन येईल इथे."

"येणार नाही," मॉन्क्रिफ म्हणाला. "सूर्य त्या बाजूला असतो. मी हेच शिकवतो पोरांना." मग माझ्याकडे वळला. "तुम्ही इथंच खेळता. काय वाटतं?"

"खेळण्यासारखं आहे," मी म्हणालो.

"बूट घाला आणि दाखवा."

मी बूट घालून आलो. फावडी टाकून सगळे कडेला उभे राहिले. मी मधून पळत आलो, पूर्ण वेगाने कोपऱ्यात शिरलो, वळलो, थांबलो, परत उलटा वळलो. घसरलो नाही. एकदाही नाही. माणसांनी टाळ्या वाजवल्या. म्हातारा एक ओरडला, "बघा! लोण्यासारखं आहे!"

मॉन्क्रिफ म्हणाला, "हं." त्याचं मन वळत होतं, ते दिसत होतं. "म्हणजे कॅप्टन म्हणून तुम्ही सांगताय, चालेल?"

आता यात एक गोष्ट होती. गोठलेल्या जमिनीवर पळायचं मला येतं. पाऊल सपाट टाकायचं, वजन पुढे जाऊ द्यायचं नाही, वळायच्या दोन पावलं आधीच वेग मोडायचा, आणि ते कोणाला दिसू द्यायचं नाही. वीस हिवाळे अशा मैदानांवर काढले की पायांना ते आपोआप येतं. पण त्या कोपऱ्यात मी एकटा खेळणार नव्हतो. आमचा उजव्या कडेने खेळणारा विंगर ल्यूइस तिथेच पळणार होता. एकोणीस वर्षांचा, हरणासारखा पळतो आणि शेवटच्या क्षणी वळतो, सगळं वजन एका घोट्यावर टाकून. सोमवार ते शुक्रवार तो छपरांवर पाटीचे दगड बसवतो. पाय मोडला तर फुटबॉल जाईलच, शिडीही जाईल. तो कडेला उभा होता, कोणाच्या तरी फावड्यावर रेलून, आणि माझ्याकडे बघून हसत होता. त्यालाही खेळायचंच होतं.

मी हो म्हणालो असतो तर दुपारी सामना होता. रात्री झोप होती.

"चालेल का?" मॉन्क्रिफने परत विचारलं.

"नाही," मी म्हणालो.

"पण तुम्ही आत्ताच..."

"मी पडलो नाही, कारण मला पडायचं नव्हतं. ही जमीन दगड आहे. पोरं मोडतील इथे."

मॉन्क्रिफने चेंडू काखेत घेतला. "धन्यवाद," म्हणाला, आणि सामना रद्द केला.

तो गेल्यावर गेडिस माझ्याजवळ आला. मग म्हणाला, "वीस वर्षं रेफरीशी खोटं बोलतोयस. बाहेर गेलेला प्रत्येक चेंडू आपलाच म्हणतोस. आणि आजच तुला सत्य आठवलं?"

"ल्यूइस वळतो कसा ते माहितीये ना तुम्हाला."

गेडिसने ल्यूइसकडे पाहिलं. "माहितीये," म्हणाला, आणि टोपी खाली ओढून कार्यालयाकडे गेला.

लोक पाई खाऊन पांगायला लागले तेवढ्यात समोरच्या संघाची बस आत शिरली. सगळ्यात आधी उतरला डॉड रेनी. त्यांच्या मधल्या फळीतला, माझ्याच वयाचा. आम्ही पंधरा वर्षं एकमेकांना लाथा घालतोय. माझ्या डाव्या नडगीवरची खूण त्याची, त्याच्या हनुवटीवरची माझी.

"कोणी रद्द केलं?" तो दारातूनच गरजला. "पहाटे उठलोय मी! घरून निघालो तेव्हा कोंबडंसुद्धा झोपलं होतं!"

"मी सांगितलं रेफरीला," मी म्हणालो.

"तू? नडगीफोड्या, तू? घाबरलास होय मला?"

"तुझ्याकडे बघून कोण घाबरेल? तुला वळायला अख्खं मैदान लागतं. बस बरी तुझ्यापेक्षा."

त्याची पोरं हसली. डॉड चालत कोपऱ्यापर्यंत गेला, टाच आपटली, तोंड वाकडं केलं. परत आला तेव्हा आवाज खाली आला होता. नेटीबाईंनी आमच्या दोघांच्या हातात चहा दिला. आम्ही कठड्याला टेकून प्यायलो.

"बायकोचं कळलं," तो म्हणाला. "पत्र टाकायचं होतं. बसलोही लिहायला. जमलं नाही."

"असू दे."

"खेळला असतास तर बरं वाटलं असतं तुला."

"हो."

"मग कशाला सांगितलंस त्याला?"

मी चहा प्यायलो. डॉडच्या मॅनेजरने हाक मारली तसा तो जाता जाता म्हणाला, "आता हा सामना आठवड्याच्या मधल्या कुठल्यातरी संध्याकाळी लावतील. तेव्हा तुझी दुसरी नडगी घेतो." आणि बसमध्ये चढला.

मी म्हाताऱ्या एकबरोबर कापडं परत अंथरली. तो अपराधी चेहऱ्याने माझ्या बाजूला चालत होता, एकदाही विनोद केला नाही. काम संपलं तरी मी काहीतरी शोधत होतो. शेवटी तो म्हणाला, "घरी जा, इनिस. आता इथे करण्यासारखं काही नाही."

म्हणून मी घरी गेलो.

घर गार होतं. मी हीटर लावला, कोट न काढता स्वयंपाकघरात खुर्चीवर बसलो. कुठे काही दुखत नव्हतं, हेच वाईट होतं. सामना सुरू व्हायची वेळ झाली आणि गेली. फ्रिजची मोटर चालू झाली, बंद झाली. शेजारच्या मॅकहार्डींचं कुत्रं दोनदा भुंकलं. पाइपातून पाणी गेलं. रस्त्यावरून कोणाची तरी ढकलगाडी गेली, चाक करकरत होतं. नंतर काहीच नाही.

मी तिथे बसून राहिलो. आणि मग माझ्या लक्षात आलं की ही दुपार मी कधी पाहिली नसली तरी कोणीतरी पाहिलेली आहे. रोना घरच्या सामन्यांनाच यायची. परगावी बसमध्ये बायकांना नेत नसत, आणि मी निम्मे शनिवार परगावी असे. इतकी वर्षं, दर दुसऱ्या शनिवारी, ती याच स्वयंपाकघरात होती. हीच मोटर, हेच कुत्रं, हेच पाणी. मी संध्याकाळी उशिरा यायचो, निकाल सांगायचो, ती म्हणायची, "बरं झालं" किंवा "जाऊ दे". तू काय केलंस, असं मी विचारायचो तेव्हा म्हणायची, "काही नाही. बसले होते."

इतके दिवस मला वाटत होतं की शनिवारी दुपारी या घरात पाऊल टाकलं तर ती नाही एवढंच आत असेल. पण ही तिचीच दुपार होती. मी पहिल्यांदाच तिच्यात येऊन बसलो होतो.

मी कोट काढला. शब्दकोड्याचं जुनं पुस्तक खिडकीत होतं, ते उघडलं नाही. नुसता बसलो, ती बसायची तसा. बाहेर अंधारायला लागलं, तरी दिवा लावला नाही. समोर मॅकहार्डींच्या खिडकीत उजेड आला, त्यांच्या रेडिओवर निकाल वाचायला लागले. एकामागून एक गावं येत गेली. आमचं नाव आलं, पुढे 'सामना रद्द' आलं, आणि वाचणारा पुढच्या गावाकडे गेला.

मी टेबलावर हात ठेवले, हातांवर डोकं ठेवलं. अंग अजिबात दुखत नव्हतं. तरी मला झोप लागली.