‘टूरिंग ड’मधली तिसरी गाडी

त्या प्रादेशिक अजिंक्यपदात गाड्या तेवीस आणि वर्ग नऊ. बुटक्या, उघड्या स्पोर्ट्स गाड्यांचे तीन वर्ग आणि घरगुती गाड्यांना रंग फासून, मागची सीट काढून बनवलेल्या टूरिंग गाड्यांचे सहा. सगळ्या एकाच वेळी, एकाच ट्रॅकवर सोडायच्या आणि शेवटी नऊ वेगवेगळे विजेते काढायचे. प्रत्येक वर्गात तीन कप. म्हणजे सत्तावीस कप, तेवीस माणसं. अशा ठिकाणाहून रिकाम्या हाताने घरी जायला अंगात खास कौशल्य लागतं. ते कौशल्य पाच वर्षं फक्त वहिनीने दाखवलं होतं.

वहिनी म्हणजे चॅम्पियनची बायको. पिटमधले, म्हणजे ट्रॅकशेजारच्या दुरुस्तीच्या जागेतले, सगळे तिला वहिनीच म्हणत, अगदी तिच्या वडिलांच्या वयाचे लोकसुद्धा. आणि चॅम्पियन म्हणजे ‘टूरिंग ड’ या वर्गाचा चार वेळचा विजेता, एरवी बाथरूमच्या फरशांचा दुकानदार. दुकानाच्या पाटीवर फरशीचं चित्र लहान आणि त्याचा हेल्मेटमधला फोटो मोठा. गिऱ्हाईक फरशी बघायला यायचं आणि पाऊण तास तिसऱ्या वळणावर ब्रेक कधी मारावा हे ऐकून जायचं. ‘टूरिंग ड’ हा जुन्या, छोट्या इंजिनाच्या गाड्यांचा वर्ग आहे, त्याच्या खाली वर्गच नाही, ही माहिती तो गिऱ्हाइकाला देत नसे.

क्लबचा एक नियम होता. वर्गात निदान तीन गाड्यांनी सुरुवातीची रेषा ओलांडली तरच पूर्ण गुण. दोनच असल्या तर गुण निम्मे आणि त्या दिवशी कप घ्यायला पोडियमच्या चौथऱ्यावर चढणं नाही. पोडियम नाही म्हणजे फोटो नाही, आणि फोटो नसेल तर चॅम्पियनला शर्यतीत काही राम वाटत नसे. ‘टूरिंग ड’मध्ये मुळात दोनच गाड्या असायच्या. एक त्याची. दुसरी आधी एका निवृत्त डॉक्टरांची होती. ते आरशात बघणं अपमानाचं मानत. ते थांबले आणि या वर्षी त्यांच्या जागी एक बेकरीवाला आला. तिसरी गाडी हवी म्हणून चॅम्पियनने सुरुवातीलाच एक पांढरी, खिळखिळी गाडी विकत घेतली, तिच्यावर त्रेचाळीस आकडा चिकटवला आणि आत बायकोला बसवलं.

‘‘तुला फक्त निघायचंय,’’ पहिल्या वर्षी त्याने समजावलं होतं. ‘‘दोन लॅप मार आणि आत ये. एका लॅपमध्ये आलीस तर लोकांना शंका येते.’’

पाच वर्षं ती तेच करत आली. एकतीस शर्यती. प्रत्येक वेळी सगळ्यात मागून निघायचं, दोन लॅप म्हणजे ट्रॅकच्या दोन फेऱ्या, मग हात वर करून पिटमध्ये. पिटच्या तोंडाशी झेंडा घेऊन उभा असलेला माणूस तिच्यासाठी दुसऱ्या लॅपलाच प्लॅस्टिकची खुर्ची सावलीत ओढून ठेवायचा. निकालाच्या कागदावर तिच्या नावापुढे दर वेळी ‘यांत्रिक बिघाड’. गाडीत बिघाड नव्हता असं नाही. तिचे बरे टायर आदल्या दिवशी नवऱ्याच्या गाडीला जायचे आणि त्याचे झिजलेले तिच्या गाडीला यायचे. ट्रॅकची बारा वळणं तिला तोंडपाठ होती. तिसरा लॅप कसा असतो हे मात्र तिने कधी बघितलं नव्हतं.

तिला हे आवडायचं का? नाही. पण पहिल्या वर्षी दुसऱ्या लॅपच्या उतारावर तिच्या पोटात जो गोळा आला होता आणि पुढच्या क्षणी ती जी हसत सुटली होती, ते तिला आवडलं होतं. ते तिने कुणालाच सांगितलं नाही. सांगितलं असतं तर नवऱ्याने तिला उतारावर गाडी कशी चालवावी हे समजावलं असतं.

या वर्षी गोष्ट बिघडली. बेकरीवाला आठवडाभर जिच्यातून पाव पोचवायचा तीच गाडी रविवारी सीट काढून ट्रॅकवर आणायचा. तिच्या दारातून पीठ सांडायचं. चॅम्पियनने पहिल्या शर्यतीला त्याच्याकडे बघून नाक मुरडलं, तिसऱ्या शर्यतीला त्याचं स्वतःचं हसू मावळलं आणि शेवटच्या शर्यतीच्या आदल्या दिवशी, सरावात बेकरीवाला त्याच्यापेक्षा लॅपला दोन सेकंद पुढे निघाला तेव्हा त्याला जेवण गेलं नाही.

शर्यतीच्या सकाळी पिटमधल्या पत्र्याच्या गाळ्यात तो कागद घेऊन आला. दोन्ही गाड्या सांभाळणारा मेकॅनिक म्हणजे वहिनीचा धाकटा भाऊ. तो तिच्या गाडीखाली पाठीवर पडला होता.

‘‘मी चार गुणांनी पुढे आहे,’’ चॅम्पियन म्हणाला. ‘‘पहिल्याला वीस, दुसऱ्याला पंधरा. तो पहिला आला आणि मी दुसरा, तर तो एका गुणाने कप नेतो. पण गुण निम्मे झाले तर पहिल्याला दहा, दुसऱ्याला साडेसात. मग दीड गुणाने कप माझा.’’

‘‘मग?’’ वहिनीने हातमोजे घालता घालता विचारलं.

‘‘मग तू आज निघायचं नाहीस. आजचा पोडियम गेला तरी चालेल, वर्षाचा कप राहतो.’’ आणि गाडीखालच्या पायांकडे बघून, ‘‘ऐकलंस ना रे? ग्रिडवर जायच्या आधी हिचा स्टार्टर जळाला म्हणून सांग.’’

‘‘अहो, पण मी तयार होऊन बसलेय.’’

‘‘तयार कशाला? दोन लॅपला तयारी लागते होय?’’ तो हसला. ‘‘इतकी वर्षं निघ म्हटलं की निघालीस. आज नको म्हणतोय. वर बाकावर बस आणि टाळ्या वाजव. संख्या भरायची गाडी आहे ती, तिला कसली शर्यत?’’

तो गेला. आता इतक्या वर्षांत तो याहून वाईट खूप काही बोलला होता. पण राग कशाने येईल याचं काही खरं नसतं. वहिनीला त्या ‘टाळ्या वाजव’चा राग आला. असा आला की हातमोजा उलटा घातलाय हे तिच्या लक्षात यायला वेळ लागला.

‘‘बाहेर ये,’’ ती भावाला म्हणाली.

भाऊ सरपटत बाहेर आला. ‘‘ताई, नको. भावजी मला कच्चा खातील.’’

‘‘तू त्यांचा मेव्हणा माझ्यामुळे झालास. भाऊ माझा आधीपासून आहेस. टायर कुठले लावलेत?’’

‘‘त्यांचे जुने.’’

‘‘अख्खी शर्यत, चौदा लॅप टिकतील?’’

भावाने टायरवरून अंगठा फिरवला, मग बहिणीच्या तोंडाकडे पाहिलं. ‘‘वळणात ओढू नकोस. मग टिकतील,’’ तो म्हणाला आणि पान्हा उचलून पुन्हा आत शिरला. या खेपेस खरंच काहीतरी घट्ट करायला.

ग्रिडवर, म्हणजे सुरुवातीच्या रांगेत, चॅम्पियन हेल्मेट घालून, आरशात स्वतःकडे बघत बसला होता. त्याच आरशात मागून पांढरी गाडी आली. त्याने खिडकीतून हात काढून हवेत असे वार केले की ग्रिडवरच्या माणसाला वाटलं, याच्या गाडीत गांधीलमाशी शिरली. दिवे लागले, दिवे विझले आणि तेवीस गाड्या एकदम ओरडत सुटल्या. त्रेचाळीस नंबरने सगळ्यांच्या शेवटी रेषा ओलांडली. तिथेच चॅम्पियनचं गणित संपलं.

बेकरीवाला पहिल्याच लॅपला पुढे गेला तो गेलाच. चॅम्पियन दुसरा. वहिनी सगळ्यात मागे. दुसरा लॅप संपत आला तेव्हा पिटच्या तोंडाशी उभ्या माणसाने सवयीने खुर्ची ओढली. पांढरी गाडी त्याच्या समोरून सरळ निघून गेली. तो खुर्चीचा एक हात धरून तसाच उभा राहिला.

तिसरा लॅप काही वेगळा नव्हता. तीच बारा वळणं, तोच उतार. फक्त आता थांबायचं नव्हतं. मोठ्या स्पोर्ट्स गाड्या एकेक करत मागून येऊन तिला ओलांडून गेल्या. निळा झेंडा दिसला की ती बाजूला व्हायची आणि पुन्हा आपल्या रेषेवर यायची. नवव्या लॅपला डावा टायर कुरकुरायला लागला. ती वळणात ओढत नव्हती तरी कुरकुरला. तिने त्याला एक अस्सल शिवी दिली आणि वेग कमी केला नाही. उतारावर दर वेळी पोटात गोळा आला. ती दर वेळी हसली. पहिल्या गाडीचे चौदा लॅप होऊन शेवटचा, काळ्या-पांढऱ्या चौकड्यांचा झेंडा पडला तेव्हा तिचे तेरा लॅप झाले होते. वर्गात तीनपैकी तिसरी, ट्रॅकवर तेवीसपैकी शेवटची. गाडीतून उतरली तेव्हा तिला रडू येत होतं. या माणसाने पाच वर्षं आपल्याला दोन लॅपवर थांबवलं, आणि आपण थांबलो. यातलं दुसरं तिला जास्त झोंबलं.

चॅम्पियन तडक कार्यालयात गेला.

क्लबचं कार्यालय म्हणजे एक लांबट खोली. एक टेबल, चार खुर्च्या, भिंतीवर झेंड्यांचा तक्ता. टेबलामागे मुख्य अधिकारी. ते आयुष्यभर कारकुनी करून निवृत्त झालेले गृहस्थ, म्हणून सगळ्यांचे कारकूनकाका. कागदावर नसलेली गोष्ट त्यांना दिसत नसे आणि कागदावर असलेली विसरता येत नसे. निकालावर हरकत घ्यायला अर्धा तास असतो. चॅम्पियनने पाच मिनिटांत हरकतीचा कागद मागितला, उभ्याउभ्या लिहिला आणि टेबलावर आपटला. कारकूनकाकांनी आधी शिक्का मारला, वेळ टाकली, मग चष्मा लावला. मग त्यांनी माणूस पाठवून वहिनीला आणि बेकरीवाल्याला बोलावून घेतलं, कारण ज्यांच्यावर हरकत परिणाम करते त्यांच्यासमोर ती वाचायची असते.

‘‘ ‘गाडी नंबर त्रेचाळीस’,’’ त्यांनी सावकाश वाचलं, ‘‘ ‘ही शर्यत करण्यासाठी नसून केवळ संख्या भरण्यासाठी आहे, हे सर्वांना माहीत आहे. सबब तिची सुरुवात धरू नये आणि गुण निम्मे करावेत.’ हे तुम्हीच लिहिलंत?’’

‘‘मीच. अक्षर दिसत नाही का?’’

‘‘अक्षर छान आहे. या गाडीची एंट्री कोणी भरली होती?’’

‘‘मी.’’

‘‘पाचही वर्षं?’’

‘‘हो, मीच. माझीच गाडी आहे ती!’’ चॅम्पियन अजूनही मोठ्या ऐटीत उभा होता.

कारकूनकाकांनी नियमांचं पातळ पुस्तक उघडलं. नवव्या नियमात गुण होते. चॅम्पियनला तो पाठ होता. त्यापुढचं पान त्याने कधी उलटलं नव्हतं, कारण त्यात त्याचं नाव यायची शक्यता नव्हती. काकांनी अकरावा वाचला. ‘‘ ‘शर्यत करण्याच्या हेतूशिवाय केवळ संख्या भरण्यासाठी एंट्री करणाऱ्याचे त्या त्या वर्षाचे सर्व गुण व बक्षिसं रद्द होतील. चालकावर एक वर्ष बंदी.’ ’’

बेकरीवाल्याने हाताला लागलेलं पीठ पँटला पुसलं.

‘‘मी हरकत मागे घेतो,’’ चॅम्पियन म्हणाला. आवाज एकदम फरशीच्या गिऱ्हाइकाशी बोलतानाचा झाला.

‘‘शिक्का पडलाय.’’

‘‘अहो काका, घरातली गोष्ट आहे. रागात लिहिलं.’’

‘‘राग इथे लिहिलेला नाही,’’ काका कागद उलटसुलट बघून म्हणाले. ‘‘वहिनी, तुमचं म्हणणं लागेल. गाडी संख्येसाठी होती की शर्यतीसाठी?’’

चॅम्पियन बायकोकडे वळला. त्याच्या चेहऱ्याला घाम फुटला होता. ‘‘अगं, सांग ना. गाडी दर वेळी खरंच बंद पडायची. सांग. बेकरीवाल्याला जाऊ दे हा कप, माझे चार राहू देत. घरी कपाट कसं दिसेल ते बघ.’’ मग त्याला वाटलं, एवढ्याने भागणार नाही. ‘‘तुझ्यावरसुद्धा बंदी येईल, कळतंय ना?’’

वहिनीला कळत होतं. पुढचं वर्षभर तिला उतार मिळणार नव्हता. तिने खुर्ची ओढली आणि बसली.

‘‘आजची शर्यत मी केली,’’ ती म्हणाली. ‘‘तेरा लॅप. तुमच्याकडे लिहिलेले असतील.’’

‘‘आहेत,’’ काका म्हणाले.

‘‘आधीच्या एकतीस नाही केल्या. त्या यांनी लिहिलंय तशाच होत्या. मलाही माहीत होतं.’’

‘‘अगं ए!’’ चॅम्पियन ओरडला. ‘‘काय बोलतेस? वेड लागलंय का?’’

‘‘तुम्हीच तर लिहिलंत, सर्वांना माहीत आहे म्हणून.’’

काकांनी एक कोरा कागद तिच्यापुढे सरकवला. ‘‘तोंडी चालत नाही. लिहून द्या आणि खाली सही.’’

टेबलावर पेन नव्हतं. ते चॅम्पियनच्या हातात होतं. हरकत लिहिल्यापासून त्याने ते मुठीत धरून ठेवलं होतं.

‘‘अहो,’’ वहिनीने हात पुढे केला, ‘‘पेन द्या.’’

त्याने तिच्याकडे बघितलं, काकांकडे बघितलं, बेकरीवाल्याकडे बघितलं. मग पेन दिलं. टोपण मात्र मुठीत घट्ट धरून ठेवलं.