ग्रंथमहाराजांची तीन पुस्तकं

यावलच्या केळीच्या वखारीत सकाळपासून पाय ठेवायला जागा नव्हती. पाटावर लाल कापडी बांधणीची तीन जाडजूड पुस्तकं मांडलेली, मागे ग्रंथमहाराज. रोग्यासाठी वैद्यकाचं पुस्तक, भाऊबंदकीसाठी इतिहासाचं, दुकानदारासाठी व्यापाराचं. प्रश्न विचारला की महाराज अंगठ्याखालून पानं फर्रर्र सोडायचे आणि पुस्तक उत्तरापाशी आपोआप उघडायचं.

"मी बोलत नाही, बाळांनो! शाई बोलते! मी नुसता पुठ्ठा!"

लोक त्या पुठ्ठ्याच्या पाया पडत होते.

धुळ्याच्या देवपुरात वीस वर्षं पुस्तकं बांधणारा पितांबर त्या दिवशी बहिणीला, मंदाबाईला भेटायला आला होता. तिला टीबी होता. गोळ्यांनी दिवाळीपर्यंत चांगली सुधारली होती. आता अंथरुणात नुसती हाडं उरली होती.

"गोळ्या कुठी हायेत, मंदे?"

"पुस्तकानं बंद करायले सांगितल्या. दोन महिने झाले."

"अन् तू ऐकलं? काबरं?"

"छापेल हाये, भाऊ. छापेल खोटं राहतं का?"

पितांबर तडक वखारीत गेला. मंदाबाई भिंतीला धरत मागोमाग आली. रांगेत पुढच्या बाईने काविळीचं विचारलं. वैद्यकाचं पुस्तक उघडलं, महाराजांनी पानावर अंगठा टेकवून ओळ दाखवली: 'औषध ताबडतोब बंद करावे.' मग एका म्हाताऱ्याने गुडघ्याचं विचारलं. पुन्हा तेच वाक्य. पितांबरने पुढे होऊन महाराजांच्या हातातून पुस्तक ओढून घेतलं.

"पापी! हात झडतील!"

"झडू द्या." त्याने पानांच्या कडेवरून अंगठा फिरवला. रोजचं काम, बोटांना लगेच कळलं. "हे एक पान सुतभर आखूड कापलेलं आहे. अंगठा तिथेच निसटतो, पुस्तक तिथेच उघडतं. जीवरामभाऊ, तुम्हीच करून पाहा."

वखारवाल्या जीवरामने भीतभीत पानं सोडली. तेच पान. तीनदा केलं, तीनदा तेच. इतर दोन पुस्तकांतही एकेक पान तसंच कापलेलं निघालं.

"आता ओळ दाखवताना महाराजांचा अंगठा कुठे असायचा ते बघा." पितांबरने वैद्यकाच्या पुस्तकातली, त्या वाक्याच्या वरची झाकलेली ओळ दाखवली. मंदाबाई सातवी शिकलेली. तिनेच मोठ्याने वाचली: "या औषधाने अंगावर पुरळ उठल्यास..." आणि ती थांबली. स्वतःचे दोन्ही हात उलटसुलट करून पाहू लागली.

"मले कुठी पुरळ होतं, भाऊ?"

मग लोक महाराजांवर तुटून पडले. फुटलेल्या ओठांनी तो ओरडत होता, "मी एक अक्षर खोटं वाचलं नाही!" आणि ते खरंच होतं.

धुळ्याच्या दवाखान्यात गोळ्या पुन्हा सुरू झाल्या, इंजेक्शनं झाली. फुप्फुसात काही उरलं नव्हतं. तिसऱ्या महिन्यात मंदाबाई गेली.

तेराव्याला जीवराम पितांबरला बाजूला घेऊन हळूच म्हणाला, "ते व्यापाराचं पुस्तक तरी खरं होतं का हो?"

पितांबर म्हणाला, "पुस्तक चांगलं आहे, भाऊ. तिन्ही चांगली आहेत. पण कोणी एक ओळ दाखवली तर त्याचा अंगठा आधी बाजूला करा. वरची ओळ वाचा, खालची वाचा. कळलं नाही तर डॉक्टरला विचारा, मास्तरला विचारा. डोळे तुमचे आहेत, अक्षरं तुम्हाला येतात. माझ्या बहिणीलाही येत होती."