एकशे ऐंशी अंशांच्या पुढे

"नूतनले देख जरा," भाकरी थापता थापता कमलबाई लेकीला, रूपाला म्हणाल्या. "तिना तक्ता शहादाले प्रदर्शनमा चालना. आनि तू?"

अशी तुलना आपल्यापैकी कितीतरी घरांत होते. मूल जिद्दीने अभ्यासाला लागेल, असे आपल्याला वाटते. रूपा मात्र मैत्रिणीच्या तक्त्यातली चूक शोधायला लागली, आणि ती तिला सापडली.

साइन थीटा, आणि एक वजा कॉस वर्ग थीटाचे वर्गमूळ. नूतनने दोन्हींचे आलेख शून्य ते एकशे ऐंशी अंशांपर्यंत काढले होते. रेषा एकमेकींवर तंतोतंत बसल्या, म्हणून तिने खाली लिहिले, 'ही नित्यसमानता आहे', म्हणजे कोणत्याही कोनाला खरे ठरणारे समीकरण.

रूपाने मोबाइलवर तोच आलेख पुढे नेला. साइनची रेषा अक्षाखाली उतरली, वर्गमुळाची पुन्हा वर चढली. परीक्षकांसमोर नूतनचा चेहरा कसा पडेल, या विचाराने रूपाला दोन दिवस बरे वाटत होते.

"तिले सांगं का?" बी.एस्सी. करणाऱ्या मोठ्या बहिणीने, शीलाताईने विचारले.

"मी काब सांगू? मोठी हुशार शे ना ती."

"तिनी आलेखना सोयना तेवढाच भाग काढा. तू बी तेच करी ऱ्हायनी. तुले तिना फक्त मार्क दिसतस. सायकल पंचर व्हयनी तवय पुरुषोत्तमनगरथून डबलसीट कोनी आनं तुले? तो भाग कोठे गया?"



दुसऱ्या दिवशी सकाळी एसटीच्या थांब्यावर रूपाने प्रदर्शनाला निघालेल्या नूतनपुढे मोबाइल धरला. "एकशे ऐंशीना पुढे देख."

नूतनने दोन्ही रेषा बोटाने पुढे सरकवून पाहिल्या. "तुले कवय समजनं?"

"परवा."

"आनि आज सांगी ऱ्हायनी?"

"हां," रूपा खाली मान घालून म्हणाली. "माले जळन व्हयनी."

नूतनने तोंड फिरवले. मग बाकावर तक्ता उलगडला. "धर ते टोक. वारा शे."

उरलेल्या कोऱ्या जागेत रेषा पुढे गेल्या आणि वेगळ्या झाल्या. 'आहे'च्या जागी 'नाही' आले. एसटी आली तेव्हा दोघीही चढल्या.

संध्याकाळी कमलबाईंनी विचारले, "नूतनना तक्तानं काय व्हयनं?"

"आम्हना तक्ता म्हन, आई."

त्यानंतर पुन्हा 'नूतनले देख' त्या घरात ऐकू आले नाही.

आलेखाचा थोडा भाग जुळला म्हणून समीकरण सिद्ध होत नाही. मुलांना तरी आपण एकाच तुकड्यावरून का मोजावे? जरा पुढचेही पाहूया.