सुतकात थांबलेली खुंटी

मी एक जुनी फळी आहे. मित्रांनो, तुम्ही मला दिनदर्शिका म्हणाल, पण ओस्तेल गावात मला नुसतं ‘फळी’ म्हणतात. एका फुटक्या नावेच्या लाकडातून मला घडवलं आणि तापल्या सळईने माझ्यात तीनशे बारा भोकं पाडली. शेवटचं भोक जाळून काळं केलं आहे. हाडाची एक खुंटी रोज एक भोक पुढे जाते. ती काळ्या भोकात पोचते त्या दिवशी उधाण येतं.

आमचा सूर्य मावळत नाही. तो डोंगराच्या खांद्याला टेकून बसलेला असतो, म्हणून दिवस मोजायचे ते चंद्रांवर. धाकटा ओरू भारी पळपुटा. त्याचा एक फेरा म्हणजे एक दिवस. नेवा आणि हाल्म आपले रमतगमत चालतात. वर्षातून एकदा तिघे एका रांगेत येतात, समुद्र उठतो आणि अख्खं गाव बुडतं. त्याच्या चार दिवस आधी सगळे शेळ्या आणि म्हातारीकोतारी माणसं घेऊन कड्यावर चढतात. कड्यावर प्यायला थेंब नाही, त्यामुळे त्याआधी कुणी जात नाही.

चार पिढ्या मी एकदाही चुकले नाही. लग्नाच्या शपथा माझ्यावर हात ठेवून घेतल्या जायच्या. खोटं कशाला सांगू, मला जरा गर्वही चढला होता.

गेल्या उधाणानंतर समोरच्या बेटावरचा डोंगर फुटला आणि आभाळ राखेने भरून गेलं. चंद्र दिसेनासे झाले, ते आजतागायत. तरी ओरूच्या ओढीने पाणी दिवसातून एकदा घाटाच्या खालून तिसऱ्या पायरीला लागायचंच. ते लागलं की इर्वेल खुंटी सरकवायची. इर्वेल म्हणजे आमची फळीवाली.

आता आमची एक रीत ऐका. गावात कुणी गेलं की त्या दिवशी खुंटी हलवायची नाही. गेलेल्या माणसाला लगेच मागे टाकून पुढे जाणं बरं दिसत नाही, म्हणून फळीनेही एक दिवस थांबायचं. आठवण राहावी म्हणून खुंटीला एक काळा दोरा बांधायचा. सुतक फिटलं की दोरा सोडायचा आणि राहिलेला दिवस भरून काढायचा.

यंदा ताप आला. पहिला इर्वेलचा नवरा तोस्क गेला, मग ओळीने सहा दिवस रोज एक जण. सात दिवस मी थांबले. माझ्या खुंटीला सात दोरे होते. मग इर्वेलही अंथरुणाला खिळली आणि शेजारची हुब्ना घर झाडायला आली. तापाचं काही मागे राहू नये म्हणून तिने पांघरुणं जाळली, त्यांच्याबरोबर माझे दोरेही जाळले. दिवस इर्वेलने आधीच भरून काढले असणार, असं ती धरून चालली. रोजची खुंटी मात्र ती नेमाने सरकवत राहिली. इर्वेल उठली तेव्हा खुंटीला दोरा नव्हता. तिला वाटलं, हुब्नाने भरले.

मित्रांनो, मी सात दिवस मागे आहे. हे फक्त मला ठाऊक आहे, आणि मला तोंड नाही.

आज माझ्या खुंटीपुढे आठ भोकं उरली आहेत. खरं तर एकच उरायला हवं होतं.

“आई, पाणी पाचव्या पायरीला लागलंय गं,” लुद्वा म्हणाली. ही इर्वेलची मुलगी. तिच्या कडेवर चार महिन्यांचं बाळ आहे.

“वारा असेल.”

“वारा कुठला? चुलीचा धूर सरळ वर जातोय.”

दारात मासे खारवत बसलेली हुब्ना हसली. “बाळंतिणीला मेलं सगळीकडे पाणीच दिसतं! जा, बस जाऊन कड्यावर. तहानेनं जीभ बाहेर आली की आम्हाला हाक मार हो!”

“आई, सुतकाचे दिवस भरले होतेस ना?”

“दोरा दिसतोय का कुठे? मग?” इर्वेल म्हणाली. हुब्नानेही मान डोलावली.

“तरी मी बाळाला घेऊन आजच निघते.”

“फळीवालीचीच पोर आधी पळाली, तर लोक माझ्या तोंडात शेण घालतील. मोज ती भोकं. मोजता येतात ना?”

लुद्वाने बोटाने मोजली. आठच भरली. ती खाली बसून बाळाला पाजू लागली. कड्यावर पोचायला अर्धा दिवस पुरतो. तेव्हा निघाली असती तर पोचली असती.

आता पाणी नवव्या पायरीला आहे आणि घाट पाहायला कुणी गेलेलं नाही. उधाणाआधी दरवर्षी करते तसं इर्वेलने मला तेल लावून पुसलं. तिचा हात माझ्यावरून फिरत होता तेव्हा मला माझ्या चार पिढ्यांच्या नावलौकिकाची लाज वाटली.

मी लाकूड आहे, मित्रांनो, मी तरंगेन. कुठल्याशा किनाऱ्याला लागेन आणि तुमच्यापैकी कुणीतरी मला उचलेल. माझी निगा राखा, पण माझ्यावर डोळे मिटून विसंबू नका. खुंटी सरकवण्याआधी घाटावर जाऊन या, आणि पायऱ्या मोजून आलेल्या पोरीला हसू नका.

लुद्वाने बाळाला नुकतंच झोपवलं आहे. उंबऱ्याखालून पाणी आत येऊ लागलं आहे, आणि माझ्या खुंटीपुढे अजून आठ भोकं आहेत.