गव्हावरचं दळण

लग्नाला दोन वर्षं होत आली तरी रंजिताचं पोट रोज संध्याकाळी ढोलकीसारखं फुगायचं. रोडपालीतल्या बायका गोड बातमी विचारायच्या आणि उत्तर देण्याआधीच रंजिता संडासाची कडी लावायची. जुलाबांनी अंगातलं रक्त गेलं, गळ्याची हाडं वर आली. शेवटी पनवेलच्या डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं, सीलिॲक. गहू बंद, जन्मभर. कणभरही चालायचा नाही.

"आगऱ्याच्या घरात गहू शिरला कधी?" सासू, मालू, म्हणाली. "जमिनीचे पैसे आले तेवा. आमी तांदळाच्या भाकरीवरच वाढलो. तू पण तीच खा."

सहा महिने रंजिताने भाकरीच खाल्ली. हळदीच्या मांडवातून, वाढदिवसाच्या केकसमोरून उपाशी उठली. तरी पोट फुगायचंच, आणि रक्ताचा रिपोर्ट होता तसाच आला.

"चोरून पाव खातेस तू," नवरा, धनेश, म्हणाला. "डॉक्टर पण तेच बोलला ना, कुठून तरी गहू पोटात जातोय."

तिने एकवीरा आईची शपथ घेतली. तो मोबाइलमध्ये बघत राहिला.

त्या आठवड्यात मालूचा गुडघा सुजला, म्हणून दळणाचा डबा रंजिता घेऊन गेली. गिरणीवाल्या शिवाने आधीच्या गिऱ्हाइकाचे गहू दळून काढले आणि तिचे तांदूळ त्याच चक्कीत ओतायला घेतले.

"अहो, गव्हावर नको."

"मालूमावशी तर मुद्दाम गव्हावरच टाकायला लावतात. थोडं गव्हाचं पीठ उतरलं की भाकरी तुटत नाही म्हणे. सुनेला मऊ लागते ना."

रंजिता तांदूळ तसेच घेऊन परतली. मालूने ऐकलं आणि खालीच बसली.

"तुझ्यासाठीच केलं गो. तेवढ्यानं काय व्हतं?"

"यांना सांगाल एवढं?"

"सांगन."

त्या दिवसापासून रंजिता दोन्ही वेळा भातच खाऊ लागली. पोट बसलं, गालांवर मांस आलं. पाच महिन्यांनी रक्ताच्या रिपोर्टमधला आकडा उतरला. तो जेवताना धनेशने वाचला.

"बघ. सोडलंस तर उतरलं. म्हणजे तेव्हा खातच होतीस."

रंजिताने सासूकडे पाहिलं. मालूची पळी जरा थांबली. मग तिने सुनेच्या भातावर बोंबलाचं कालवण वाढलं, नेहमीपेक्षा जास्त.

"जाव दे रं," ती मुलाला म्हणाली. "पोरीच्या जातीला मोह व्हतोच. आता सुधारलीय ना."